नावाचा प्रवास : आल्फोन्स ते हापूस

चैत्र सरत आला की आपल्या बेटावरच्या बाजारात हापूसच्या पेट्या दिसू लागतात. पेटी घरी आली की ती उघडण्याचा मान आजीचा. ती एकेक फळ हातात घेते, देठाशी वास घेते, पिकलेले एकीकडे आणि कच्चे दुसरीकडे लावते. मुले भोवती घुटमळत असतात. सित्रा बेटावरच्या एखाद्या फ्लॅटमध्ये, खिडकीबाहेर तेलाच्या टाक्या आणि खजुराची झाडे दिसत असताना, सारे घर कोकणातल्या माजघरासारखे घमघमू लागते.

या दिवसांत 'हापूस' हा शब्द आपण वीसदा उच्चारतो. पण हापूस म्हणजे काय, हे सहसा कोणी विचारीत नाही. तोतापुरीचा अर्थ पोरांनाही लागतो, कारण त्या आंब्याचे टोक पोपटाच्या चोचीसारखे असते. हापूसचा मात्र तसा काही अर्थ लागत नाही. लागणार तरी कसा? हा मुळात फळाचा शब्दच नव्हे. हे एका पुरुषाचे नाव आहे, आणि तेही जर्मन कुळातले. जर्मनीत आजही आल्फोन्स नावाचे आजोबा भेटतात. त्यांचे नाव आणि आपला हापूस हे एकाच मुळाचे दोन फाटे आहेत. हे नाव कुठून निघाले, कोणकोणत्या तोंडांतून गेले आणि आपल्या ताटापर्यंत कसे आले, ती हकीगत आज वाचकांपुढे ठेवीत आहे. बेटावर राहणाऱ्या आपल्यासारख्या कुटुंबांनी त्यातून घेण्यासारखे बरेच आहे.

दोन शब्दांचे एक नाव

प्राचीन जर्मन टोळ्यांमध्ये नाव ठेवण्याची रीत आपल्या रीतीशी पुष्कळ जुळणारी होती. दोन अर्थपूर्ण शब्द जोडायचे आणि त्यांचे एक नाव करायचे. आपण 'रण' आणि 'जित' जोडून रणजित करतो, 'विश्व' आणि 'नाथ' जोडून विश्वनाथ करतो, तसेच ते.

आल्फोन्समधला दुसरा शब्द 'फुन्स'. त्याचा अर्थ तत्पर, सज्ज. पहिल्या शब्दाविषयी पंडितांत एकमत नाही. काहींच्या मते तो 'अदाल', म्हणजे थोर कुळातला, उमदा. आडोल्फ, आल्बर्ट, आडेलाइड या नावांतही हाच 'अदाल' आहे. दुसरे म्हणतात, तो 'हादु' किंवा 'हिल्ड' असावा. या दोन्ही शब्दांचा अर्थ लढाई. एकमेकांसारखी दोन-तीन नावे पुढे एकाच रूपात मिसळली असावीत, असेही पुष्कळ अभ्यासक मानतात. तेव्हा नावाचा अर्थ 'उमदा आणि तत्पर' असा घ्या, नाहीतर 'युद्धास सज्ज' असा घ्या. आपल्याकडच्या रणधीर या नावाच्या ते फार दूर नाही.

भाषा गेली, नाव राहिले

गॉथ नावाची एक जर्मन टोळी पूर्व युरोपातून सरकत सरकत पश्चिमेकडे आली. सन ४१० मध्ये या लोकांनी रोम लुटले. त्याच शतकात ते दक्षिण फ्रान्समध्ये आणि पुढे स्पेनमध्ये पोचले. तोलेदो ही त्यांची राजधानी झाली. सन ६५७ ते ६६७ या काळात तिथे इल्देफोन्सो नावाचे आर्चबिशप होऊन गेले. त्यांचे नाव आपल्या आल्फोन्सचे सख्खे नव्हे तरी चुलत भावंड नक्कीच.

आता एक गोष्ट नीट ध्यानात घ्यावी. स्पेनमध्ये गॉथ लोक संख्येने थोडे होते. राज्य त्यांचे, पण भोवतालची प्रजा लॅटिन बोलणारी. काही पिढ्यांत त्यांची मुले लॅटिन बोलू लागली आणि गॉथिक भाषा स्पेनमधून पार नाहीशी झाली. नावे मात्र राहिली. बाप आजोबाचे नाव नातवाला देई, नातू ते पुढे आपल्या नातवाला देई. 'फुन्स' म्हणजे तत्पर हे सांगणारा मात्र घरात कोणी उरला नाही.

सन ७११ मध्ये अरब आणि बर्बर सैन्याने स्पेनचे गॉथ राज्य मोडले. उत्तरेकडे अस्तुरियासच्या डोंगरांत एक लहानसे ख्रिस्ती राज्य उभे राहिले. तिथे ७३९ ते ७५७ या काळात पहिला आल्फोन्सो गादीवर होता. पुढे हजार-बाराशे वर्षे स्पेनमधल्या वेगवेगळ्या राज्यांत आल्फोन्सो हे राजांचे आवडते नाव होऊन बसले. स्पेनचा तेरावा आल्फोन्सो १९३१ साली देश सोडून गेला, तेव्हा ही मालिका संपली.

स्पेनमधल्या अरब इतिहासकारांनी या राजांविषयी पुष्कळ लिहिले आहे. ते हे नाव 'अदफुन्श' असे लिहीत. म्हणजे त्यांच्या कानाने जुन्या रूपातला 'द' टिपून ठेवला होता. स्पॅनिश तोंडातून तो 'द' पुढे गळून गेला, अरबी पानांवर मात्र शिल्लक राहिला. परक्याच्या तोंडी नाव बिघडते अशी आपली नेहमीची तक्रार असते. इथे तर परक्यानेच जुने रूप सांभाळले.

पंचतंत्र आणि बुद्धिबळ

या आल्फोन्सोंपैकी दहाव्याचे आपल्याशी एक वेगळे नाते आहे. हा राजा १२५२ ते १२८४ पर्यंत गादीवर होता आणि लोक त्याला 'शहाणा आल्फोन्सो' म्हणत. आपले पंचतंत्र आधी इराणात पहलवी भाषेत गेले, तिथून आठव्या शतकात इब्न अल्-मुकफ्फाने ते 'कलीला व दिम्ना' या नावाने अरबीत आणले. आल्फोन्सो राजपुत्र होता तेव्हा, १२५१ साली, याच ग्रंथाचा स्पॅनिश अनुवाद झाला. पंचतंत्रातले करटक आणि दमनक हे दोन कोल्हे म्हणजेच कलीला आणि दिम्ना. आपल्या नावांची ही दशा झाली, पण कोल्हे जगले आणि त्यांच्या गोष्टीही जगल्या!

याच राजाच्या सांगण्यावरून १२८३ साली बुद्धिबळ आणि इतर बैठ्या खेळांवर एक सचित्र ग्रंथ तयार झाला. बुद्धिबळही भारतातून इराण आणि अरब देश अशा वाटेनेच तिकडे पोचले होते. आल्फोन्सो हे नाव आपल्याकडे येण्याच्या कितीतरी आधी आपला खेळ आणि आपल्या गोष्टी एका आल्फोन्सोच्या घरी पाहुण्या गेल्या होत्या.

आपल्या समुद्रातला आफोन्सो

स्पेनच्या शेजारचा देश पोर्तुगाल. तिथल्या लोकांनी आल्फोन्सोमधला 'ल' टाकून दिला आणि 'आफोन्सो' केले. त्यांचा पहिला राजा आफोन्सो हेन्रिक्स, बाराव्या शतकातला. त्यानंतर या नावाचे आणखी पाच राजे झाले. सहावा आफोन्सो गादीवर असताना, १६६१ साली, त्याच्या बहिणीचे इंग्लंडच्या राजाशी लग्न ठरले आणि हुंड्यात मुंबई इंग्रजांकडे गेली, हे आपण शाळेत शिकलो आहोत. तेव्हा मुंबई देऊन टाकणारा भाऊही आफोन्सोच!

पोर्तुगीज जिथे जिथे गेले तिथे हे नाव गेले. आफ्रिकेतल्या काँगोचा राजपुत्र ख्रिस्ती झाला तेव्हा त्याने आफोन्सो हेच नाव घेतले. सोळाव्या शतकात त्याने तीस वर्षांहून अधिक काळ राज्य केले.

आपल्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचा आफोन्सो म्हणजे आफोन्सो द आल्बुकर्क. १५०७ साली तो होर्मुझवर चालून आला. १५१० साली त्याने गोवे घेतले. १५१५ साली होर्मुझला पुन्हा येऊन त्याने तिथे पोर्तुगीजांचा जम बसवला, आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात परतीच्या वाटेवर गोव्याच्या किनाऱ्याशी जहाजावरच त्याचा अंत झाला. त्या काळी मोत्यांसाठी प्रसिद्ध असलेले आपले बहरीन होर्मुझच्या सत्तेखाली होते. १५२१ साली आंतोनियो कोरेया या सरदाराने पोर्तुगीज आणि होर्मुझच्या फौजेनिशी बहरीन घेतले. १६०२ पर्यंत पोर्तुगीज इथे होते. सुट्टीच्या सहलीला मुलांना घेऊन आपण ज्या 'कलात अल्-बहरीन'वर जातो, त्याला पुष्कळ लोक पोर्तुगीज किल्ला म्हणत आले. २००५ साली तो जागतिक वारसा यादीत आला. गोवे, वसई आणि बहरीन या तिन्ही ठिकाणी एकाच नावांची माणसे एकाच जहाजांतून ये-जा करीत होती, हे त्या तटावर उभे राहिले की मुलांना सांगता येते.

आंबा कोणत्या आफोन्सोचा?

हापूसला आल्बुकर्कचे नाव दिले गेले, असे सर्वत्र सांगतात. पण जरा विचार केला तर यात एक अडचण दिसते.

आंब्याची कोय पेरली तर येणारे फळ आईसारखे असेलच असे नाही. आपले रायवळ आंबे असेच, दर झाडाचा स्वाद निराळा. एका झाडाचे फळ शंभर झाडांवर हुबेहूब यायचे तर कलम बांधावे लागते. वाढत्या रोपाची फांदी आणि चांगल्या झाडाची फांदी, दोन्हींची साल सोलून एकत्र बांधायची आणि सांधा जुळला की वेगळी करायची, याला आपल्याकडे भेटकलम म्हणतात. गोव्यात आंब्याची कलमे बांधण्याचे काम पोर्तुगीज काळात, विशेषतः जेझुइट पाद्र्यांच्या बागांत, वाढले असे मानतात. कलमाने जात स्थिर झाली की मगच तिला स्वतःचे नाव मिळते. आल्बुकर्क तर गोवे घेतल्यावर पाच वर्षांतच वारला. तेव्हा त्याने स्वतः हापूस चाखला असेल, हे संभवत नाही.

दुसरा एक पुरावा आहे. निकोलाव मानुची नावाचा व्हेनिसचा प्रवासी सतराव्या शतकात हिंदुस्थानात आला आणि आयुष्यभर इथेच राहिला. गोव्याच्या आंब्यांची त्याने वाहवा केली आणि त्यांच्या जातींची नावे लिहून ठेवली. त्यांत एक आंबा 'निकोलाव आफोन्सो'चा आहे. हा निकोलाव आफोन्सो बागेचा धनी असेल, कलम बांधणारा असेल. तो सेनापती मात्र नव्हता. हापूस या नावाचा खरा धनी तोच असावा, असे मला वाटते. सेनापतीचे नाव मोठे, म्हणून लोकांनी आंबा त्याच्या पदरात घातला असेल. वाचकांनी कोणतेही मत धरावे. नाव तेच आहे.

आफोन्सोचा हापूस झाला कसा?

पोर्तुगीज 'आफोन्सो'मधला मधला स्वर नाकातून येतो आणि शेवटचा 'ओ' जवळजवळ 'उ'सारखा ऐकू येतो. कोकणी तोंडात त्याचे 'आफूस', 'आपूस' झाले. आपण पुढे एक 'ह' लावला आणि हापूस केला. गुजरातेत हाफूस झाला. कर्नाटकात हेच फळ बदामी म्हणून ओळखले जाते. इंग्रजांनी तर पोर्तुगीजांनी टाकलेला 'ल' परत आणला. म्हणून पेटीवर इंग्रजीत 'आल्फान्सो' छापलेले असते आणि पेटी उघडणारे हात हापूस म्हणतात. २०१८ साली रत्नागिरी, सिंधुदुर्ग, रायगड, ठाणे आणि पालघर या जिल्ह्यांतल्या हापूसला भौगोलिक मानांकन मिळाले. एका जर्मन नावाला कोकणचा सातबारा मिळाला म्हणा ना!

आता गंमत पाहा. इथल्या बाजारात अरब दुकानदार आंब्याला काय म्हणतो? 'हम्बा'. हा आपलाच 'आंबा'. समुद्रापलीकडून बोटीने आला आणि त्यालाही इथे पुढे एक 'ह' चिकटला. इराकात तर कैरीच्या आंबट-तिखट लोणच्याला 'अम्बा'च म्हणतात. आपण बाहेरून एक नाव घेतले आणि त्याला 'ह' लावला. या लोकांनी आपला एक शब्द घेतला आणि त्यालाही 'ह' लावला. कोणी कोणाला हसायचे?

माहेरी परतलेले नाव

आणि जर्मनीत काय झाले? तिथे हे नाव बहुतांशी मागे पडले होते. ते पुन्हा परतले ते स्पेन आणि इटलीच्या वाटेने. इटलीतले संत आल्फोन्सो लिगोरी १७८७ साली वारले आणि १८३९ साली त्यांना संतपद जाहीर झाले. त्यांच्या भक्तीने एकोणिसाव्या शतकात जर्मनीच्या कॅथलिक भागांत, विशेषतः बव्हेरियाकडे, घरोघरी आल्फोन्स जन्मू लागले. लेकीने हजार वर्षांनी परक्या मुलखातली वस्त्रे नेसून माहेरी यावे, तसे हे नाव परतले.

याच संतांचे नाव केरळातल्या एका जोगिणीने घेतले. भरणंगानमच्या सिस्टर आल्फोन्सा १९४६ साली वारल्या आणि २००८ साली त्या संत म्हणून घोषित झाल्या. संतपद मिळालेल्या त्या पहिल्या भारतीय स्त्री होत. आपल्या बेटावरच्या इस्पितळांत आल्फोन्सा नावाची एखादी मल्याळी नर्स भेटली तर तिचे नाव आणि आपल्या डब्यातली आंब्याची फोड यांचे नाते तिला जरूर सांगावे.

नावाचे दिवस फिरतातही. धाकट्या द्युमा या फ्रेंच लेखकाचे 'मस्यू आल्फोन्स' हे नाटक १८७३ साली रंगभूमीवर आले. बायकांच्या पैशावर जगणारा इसम त्यात होता. तेव्हापासून पोलिश, रशियन वगैरे भाषांत 'आल्फोन्स' ही शिवी झाली. तिकडे शिवी, इकडे फळांचा राजा!

आपल्या नावांचे काय?

वसई १५३४ ते १७३९ पर्यंत पोर्तुगीजांकडे होती. त्या काळात तिथल्या ख्रिस्ती कुटुंबांना जी आडनावे मिळाली त्यांतली किती तरी अशीच जर्मन मुळाची. फर्नांडिस म्हणजे फर्नांदोचा मुलगा, जर्मनीतला फर्डिनांड. रॉड्रिग्ज म्हणजे रोद्रिगोचा, तिकडचा रोडेरिख. हेन्रिक्स म्हणजे हाइनरिखचा. फ्रान्सिस हे नाव तर फ्रँक या जर्मन टोळीवरूनच आले. आणि याच वसईचे फादर फ्रान्सिस दिब्रिटो जानेवारी २०२० मध्ये उस्मानाबादच्या ९३व्या मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष होते. ते नाव कुठून आले यावरून त्यांचे मराठीपण कोण मोजणार? ते मराठीत लिहीत होते, मराठीत बोलत होते, एवढे पुरे.

मला खरे सांगायचे आहे ते आपल्या घरांविषयी. हल्ली बेटावर बारसे ठरले की घरात वाद होतो. आजी म्हणते, "पणजोबांचे नाव ठेवा, पांडुरंग." मुलगा म्हणतो, "आई, अहो अरबीत 'प'च नाही. कार्डावर त्याचे बांडुरंग होईल. उद्या ऑफिसात त्याला हाक कोण मारणार?" सूनबाई मोबाईलवर यादी काढते. दोन अक्षरांचे, कोणालाही म्हणता येईल असे, आणि कोणत्याही देशातले वाटेल असे एक नाव निवडले जाते. त्याचा अर्थ विचारला तर यादीत दिलेला सांगतात. तो कोणत्या भाषेत तसा होतो, ते कोणालाच माहीत नसते.

मुलाचे म्हणणे खोटे नाही. पेप्सीची बेब्सी झालेली आपण रोज ऐकतो. पण बेब्सी म्हटल्याने बाटलीतले काही कमी होत नाही. 'अदफुन्श', 'आफोन्सो', 'हापूस' इतकी रूपे घेऊनही हे नाव दीड हजार वर्षे चालत आले. उच्चार बदलल्याने नाव मरत नाही, याचा याहून मोठा दाखला कोणता हवा?

त्या नावाची हानी झाली ती दुसरीकडेच. स्पेनमधल्या गॉथांच्या नातवांना आजोबांची भाषा येईनाशी झाली, त्या दिवशी आल्फोन्सोचा अर्थ गेला. राजमुकुटाखाली नाव झळकत होते आणि ते धारण करणाऱ्याला 'फुन्स' म्हणजे काय हे ठाऊक नव्हते. आपल्या मुलांच्या बाबतीत भीती बाळगायची तर ती याची. मी वर्गात मराठी घरांतल्या मुलांना त्यांच्या नावाचा अर्थ विचारते तेव्हा निम्म्याहून अधिक मुले खांदे उडवतात. त्यांत यादीतली नावे असतात तशी जुनी अस्सल मराठी नावेही असतात. एका मुलीने मात्र दुसऱ्या दिवशी आजीला फोन करून अर्थ विचारून आणला आणि सगळ्या वर्गाला सांगितला. त्या दिवसापासून ती आपले नाव पूर्ण सांगते, आखूड करीत नाही.

म्हणून माझी एवढीच विनंती. पांडुरंग आवडत असेल तर खुशाल पांडुरंग ठेवा. कार्डावर बांडुरंग होऊ दे. लहान नाव ठेवायचे असेल तर तेही ठेवा. पण नाव कोणतेही असो, त्याचा अर्थ मुलाला मराठीत सांगा, आणि तो कळण्यापुरते तरी मराठी घरात राहू द्या. यंदा हापूसची पेटी उघडाल तेव्हा मुलांना आधी आल्फोन्सची ही गोष्ट सांगा आणि मग विचारा, "तुझ्या नावाचा अर्थ काय रे?" उत्तर आले तर त्याला पहिला आंबा द्या. नाही आले, तर आजीकडे पाठवा. ती अर्थही सांगेल आणि आंबाही देईल.